घोडामैदान जवळ आलं की... (घोडेस्वारीच्या स्पर्धा आणि मुलांच्या मनातली धाकधूक)



परीक्षा जवळ आली की आपण वर्गात हमखास एक वाक्य टाकतो, "आता घोडामैदान जवळच आहे, बघू कोण किती पाण्यात आहे ते." मी मराठी शिकवते, त्यामुळे हा वाक्प्रचार फळ्यावर लिहून त्याचा अर्थही सांगते. पण मी ज्या निवासी शाळेत शिकवते तिथे समोर बसलेल्या काही मुलांसाठी घोडा खरा असतो आणि मैदानही खरं असतं. आमच्याकडे घोडेस्वारी शिकवतात. वर्षातून दोन-तीनदा आंतरशालेय स्पर्धा असतात आणि मुलांबरोबर शाळेतर्फे बाई म्हणून मला पाठवतात. मला स्वतःला घोड्यावर बसता येत नाही. माथेरानला दस्तुरी नाक्यापासून बाजारपेठेपर्यंत एकदा बसले होते, तेवढाच काय तो अनुभव. माझं काम मुलांचे डबे, औषधं, हेल्मेट, पाठीवरचे नंबर आणि रडारड सांभाळायचं. त्यातलं शेवटचं काम करता करता जे पाहिलं, ऐकलं आणि नंतर कुतूहलाने वाचून काढलं, ते आज लिहिते आहे.

तुमची मुलं घोड्यावर बसत नसतील तरी वाचा. वक्तृत्व, नाट्यवाचन, कबड्डी, स्कॉलरशिप, सगळीकडे मुलं घाबरतात. पण घोडेस्वारीत एक अडचण अशी आहे की जी दुसऱ्या कुठल्या स्पर्धेत सहसा नसते. व्यासपीठावर उभी राहिलेली मुलगी आतून थरथरत असली तरी माइक थरथरत नाही. घोडा थरथरतो.

आधी स्पर्धा कशी असते ते थोडक्यात सांगते, कारण बऱ्याच पालकांना घोड्याची स्पर्धा म्हटलं की महालक्ष्मीची रेस आठवते. शाळेतल्या मुलांच्या स्पर्धा तशा नसतात. मुख्य दोन प्रकार. एक शो जंपिंग, म्हणजे रंगीत दांड्यांचे आठ-दहा अडथळे ठरलेल्या क्रमाने पार करायचे. दांडी पडली की चार दोष, घोडा अडथळ्यासमोर अडला तरी चार दोष आणि नियमाच्या मर्यादेपलीकडे अडला की स्पर्धेतून बाद. दुसरा प्रकार ड्रेसाज. यात उड्या नसतात. २० मीटर रुंद आणि ४० किंवा ६० मीटर लांब आयतात कडेने इंग्रजी अक्षरं लावलेली असतात. कुठल्या अक्षरापाशी चालायचं, कुठे दुडकी, कुठे गोल फेरी, कुठे स्तब्ध उभं राहायचं हे सगळं पाठ करून जायचं. प्रत्येक हालचालीला शून्य ते दहा गुण. २०२३ साली हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेत सुदीप्ती हजेला, दिव्यकृती सिंग, हृदय छेडा आणि अनुष अगरवाला या चौघांनी ड्रेसाजचं सांघिक सुवर्ण जिंकलं. घोडेस्वारीत भारताला १९८२ नंतर प्रथमच सुवर्ण मिळालं. तेव्हापासून आमच्या पागेतही "बाई, ड्रेसाज कधी शिकवणार?" सुरू झालं. आधी सगळ्यांना फक्त उड्याच मारायच्या असायच्या.

दोन्ही प्रकारांत मैदानात एका वेळी एकच मूल आणि एकच घोडा. बाकी सगळे कठड्याबाहेर. घंटा वाजते आणि त्यानंतर साधारण ४५ सेकंदांत सुरुवात करावी लागते. हे ४५ सेकंद मी कठड्याबाहेरून पुष्कळदा मोजले आहेत. घड्याळाचे तेवढेच असतात, पण त्यात मुलांचे चेहरे बदलतात.

आता त्या धाकधुकीचं शरीरात काय होतं ते बघा. मूल घाबरलं की श्वास वर अडकतो, खांदे कानांकडे सरकतात, कोपर ताठ होतं, मूठ घट्ट होते आणि गुडघे आवळले जातात. आपल्याकडे चांगल्या स्वाराला 'मांड पक्की आहे' म्हणतात ना, ती मांड म्हणजे नुसतं घट्ट बसणं नाही. गुडघे आवळले की उलट बैठक खोगीरावरून उचलली जाते आणि तोल जातो. आणि हे सगळं घोड्याला लगेच पोचतं. पाठीवर माशी बसली तरी नेमकी तेवढीच कातडी थरथरवून ती उडवणारा हा प्राणी. त्याच्या तोंडातली लगामाची कडी मूठ आवळली की ओढली जाते, पायांचा दाब बरगड्यांवर पडतो. घोड्याच्या भाषेत पायाचा दाब म्हणजे 'चल' आणि लगामाची ओढ म्हणजे 'थांब'. घाबरलेलं मूल त्याला एकाच वेळी चल आणि थांब सांगत असतं. घोड्याने करायचं काय?

शिवाय घोडा हा मुळात शिकार होणारा प्राणी. डोळे डोक्याच्या दोन्ही बाजूंना, त्यामुळे त्याला जवळजवळ चहूकडचं दिसतं. ठीक कपाळासमोरचं आणि शेपटीमागचं तेवढं दिसत नाही. कळपातल्या एकाने मान ताठ केली की बाकीच्यांनी कारण न विचारता पळायचं, यावर त्याच्या पूर्वजांनी जीव वाचवले आहेत. पाठीवरचा स्वार ताठ झाला की घोडा बुजतो, तो याच हिशोबाने.

स्वीडनमध्ये २००९ साली यावर एक साधा, छान प्रयोग प्रसिद्ध झाला. माणसांनी घोड्याला हाताने धरून किंवा त्याच्यावर बसून एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत न्यायचं, चार खेपा. चौथ्या खेपेआधी माणसांना सांगितलं की या वेळी वाटेत छत्री उघडली जाणार आहे. घोडे छत्रीला बिचकतात हे सगळ्यांना माहीत. प्रत्यक्षात छत्री कुणी उघडलीच नाही. तरीही माणसांच्या छातीचे ठोके वाढले आणि घोड्यांचेही वाढले. घोड्यांना छत्रीबद्दल कुणी काहीच सांगितलं नव्हतं! विज्ञानाच्या शिक्षकांनी हा प्रयोग वर्गात जरूर सांगावा. मुलं खूप वेळ बोलतात यावर.

आमच्या सातवीतल्या एका मुलीने हे सगळं न वाचताच ओळखलं होतं. सरावात ती सगळ्यांत सफाईदार. आमच्या तुफान नावाच्या घोड्यावर बसायची. नाव तुफान असलं तरी स्वभावाने तो आमच्या शिपाईकाकांपेक्षा शांत आहे. स्पर्धेच्या दिवशी पहाटे साडेपाचला तिला दोनदा उलटी झाली. हात बर्फासारखे गार. मी पाठीवरून हात फिरवत होते, तर ती म्हणाली, "बाई, मी घाबरलेय हे तुफानला कळतं का हो?"

तुम्ही काय उत्तर दिलं असतं? आपल्या सगळ्यांच्या तोंडी तयार असलेलं उत्तर आहे, "छे गं, काही नाही कळत, तू घाबरू नकोस." मी काही बोलायच्या आत आमचे उस्ताद बोलले. ते घोडदळातून निवृत्त झालेले आहेत, मूळचे राजस्थानचे. इतकी वर्षं इथे राहून मराठी सगळं समजतं, पण बोलतात हिंदीतच. ते म्हणाले, "हाँ बेटा, मालूम पड़ता है. पर उसको ये नहीं मालूम कि तू किससे डरी है. उसको लगता है, शेर आया. तू उसको बता, शेर नहीं है."

मला हे उत्तर फार मोलाचं वाटतं. एक तर ते खरं आहे. मुलीला आधीच माहीत असलेली गोष्ट खोटी ठरवून तिला गप्प केलं नाही. दुसरं म्हणजे तिला काम मिळालं. 'घाबरू नकोस' हे काम नव्हे, ते कुणालाच करता येत नाही. 'घोड्याला सांग की वाघ नाहीये' हे काम आहे, आणि ते कसं करायचं हे शिकवता येतं.

कसं करायचं? घोड्याशी बोलायची भाषा म्हणजे आपलं शरीर. त्यात सगळ्यांत आधी श्वास. उस्ताद 'लंबी साँस लो' कधीच म्हणत नाहीत, 'साँस छोड़ो' म्हणतात. घाबरलेलं मूल श्वास घेत असतंच, सोडत नसतं. म्हणून सोडणं लांबवायचं. मनात चारपर्यंत मोजत घ्यायचा, सहा-सातपर्यंत मोजत सोडायचा. सोडताना खांदे आपोआप खाली येतात, बैठक खोगीरात रुतते, आणि घोडाही पुष्कळदा फुरफुरून मान खाली सोडतो. हे मी कठड्याबाहेरून डोळ्यांनी पाहिलेलं आहे, एकदा नाही, अनेकदा.

पण दुडकी चालीत दणके बसत असताना श्वास मोजणं लहान मुलांना जमत नाही. त्यावर उस्तादांची युक्ती म्हणजे पाढे. मोठ्याने! तोंडाने बोलत असताना श्वास कोंडून धरता येत नाही, इतकं साधं कारण आहे. कुणी गाणं म्हणतं, कुणी पाढे. आमच्या गणिताच्या सरांना हे कळलं तेव्हा ते म्हणाले, माझ्याही वर्गात घोडे आणा. सतराचा पाढा आमच्याकडे घोड्यावर पाठ झालेली तीन मुलं तरी आहेत.

हातांनाही काम लागतं. आयाळ संपते तिथे, खोगीराच्या जरा पुढे, घोड्याच्या मानेचं बूड असतं. घोडे एकमेकांना तिथेच दातांनी खाजवतात, माया करायची त्यांची ती जागा. तिथे खाजवलं की घोड्याच्या छातीचे ठोके मंदावतात हे फ्रान्समधल्या एका अभ्यासात १९९३ सालीच दाखवलं गेलं आहे. मुलांना आम्ही सांगतो, वाट बघताना मान थोपटू नका, तिथे खाजवा. थोपटणं घाबरलेल्या हाताने केलं की त्याचे फटके होतात. खाजवताना मूठ उघडते. मूठ उघडली की लगाम सैल होतो. एका दगडात बरेच पक्षी.

आता मला सगळ्यांत आवडतो तो भाग. शो जंपिंगच्या आधी स्वारांना मैदानात पायी फिरू देतात, घोड्याशिवाय. घोड्याला ते अडथळे आत गेल्यावरच दिसणार असतात, त्यामुळे दोघांच्या वाटचा अभ्यास एकट्या स्वारालाच करायचा असतो. उस्ताद मुलांना घेऊन अडथळ्या-अडथळ्यांमधलं अंतर पावलांनी मोजतात. हिशोब असा. मोठ्या घोड्याची कॅंटर चालीतली एक ढांग साधारण साडेतीन मीटरच्या थोडी वर, म्हणजे माणसाची मोठी चार पावलं. उडी मारून खाली येण्यासाठी दोन पावलं सोडायची, पुढच्या उडीसाठी उसळायला दोन पावलं सोडायची, उरलेल्यांना चारने भागायचं. समजा दोन अडथळ्यांत बारा पावलं भरली, तर बारातून चार गेले आठ, म्हणजे घोड्याच्या दोन ढांगा. घोडा लहान चणीचा असेल तर ढांग आखूड धरायची. सातवीच्या मुलांना हे गणित तोंडी येतं, आणि वर्गात भागाकाराला कंटाळणारी मुलं इथे चार-चार वेळा मोजून बघतात.

मोजून झालं की प्रत्येक मुलाने डोळे मिटून मला सगळा मार्ग सांगायचा, ही माझी भर. तळहातावर बोटाने रेघ काढत सांगायचा. एक पांढरा, सरळ. दोन निळा, डावीकडे वळून. तीन विटांच्या भिंतीचा... सांगताना जिथे अडखळतात तिथेच मैदानात अडखळायची शक्यता असते. आपण कविता पाठ करून घेतो तेव्हा कुठल्या कडव्यापाशी गाडी अडते ते बघून तेवढंच पुन्हा घोटून घेतो ना, अगदी तसं. ती सातवीतली मुलगी सहानंतरच्या वळणावर दोनदा थांबली. मग ती आणि उस्ताद फक्त तेवढं वळण पुन्हा चालून आले. परत आल्यावर तिने मला आपणहून पूर्ण मार्ग सांगितला आणि केळं मागून घेतलं. सकाळपासून पोटात काही गेलं नव्हतं, त्यामुळे ते केळं बघून मला बरं वाटलं.

आपल्याकडे मुलांना धीर द्यायचा म्हणजे मोठमोठी वाक्यं बोलायची असा समज आहे. 'तू शिवरायांच्या मातीतली, घोड्यावर बसून घाबरतेस?' असं एका पाहुण्यांनी एकदा आमच्या मुलांना विचारलं होतं. त्यांचा हेतू वाईट नव्हता. पण त्या क्षणी त्या मुलीला मातीतून नव्हे, निळ्या अडथळ्याकडून डावीकडे कसं वळायचं ते हवं असतं.

घाबरलेल्या मुलाबाबत काय करू नये याचं जगाने पाहिलेलं उदाहरण टोकियो ऑलिंपिकचं आहे, ६ ऑगस्ट २०२१ चं. मॉडर्न पेंटॅथलॉन नावाचा पाच प्रकारांचा खेळ असतो. त्यात तेव्हा घोडेस्वारीही होती, आणि अट अशी की घोडा अनोळखी. चिठ्ठीने मिळालेल्या घोड्याशी ओळख करून घ्यायला फक्त २० मिनिटं. जर्मनीची अनिका श्लॉय तलवारबाजी आणि पोहण्यानंतर पहिल्या क्रमांकावर होती. तिच्या वाट्याला सेंट बॉय नावाचा घोडा आला. तो त्याच दिवशी आधीच्या एका स्वाराबरोबर वारंवार अडलेला होता. श्लॉय मैदानात शिरतानाच रडत होती. घोडा पुढे यायलाच तयार नव्हता. कठड्यापाशी तिच्या प्रशिक्षक होत्या, त्या तिला घोड्याला मार म्हणून ओरडत होत्या आणि त्यांनी स्वतःही घोड्याला ठोसा मारला. सगळं टीव्हीवर. त्या प्रशिक्षकांना स्पर्धेतून काढलं गेलं. श्लॉय पहिल्या क्रमांकावरून ३१ व्या क्रमांकावर गेली. पुढे २०२४ च्या पॅरिसनंतर या खेळातून घोडेस्वारीच वगळली गेली.

मी तो व्हिडिओ मोठ्या वर्गातल्या मुलांना दाखवला होता. मुलं कुणावर सगळ्यांत चिडली असतील? प्रशिक्षकांवर. एक मुलगा म्हणाला, "बाई, तिथे तीन जण घाबरलेले होते आणि एकालाही शांत करायला कुणी नव्हतं." घोडा, मुलगी आणि कठड्यापाशी उभी असलेली मोठी व्यक्ती, असे तीन. त्याने मोठ्या व्यक्तीलाही घाबरलेल्यांत धरलं, हे मला विशेष वाटलं.

आणि म्हणून आता पालकहो, थोडं तुमच्याबद्दल. रागवू नका.

कठड्यापाशी उभे असलेले आईबाबा घोड्याला दिसतात, मुलाला तर दिसतातच. आमच्याकडे एक वडील होते, अत्यंत हौशी. मुलासाठी पहाटे चारला उठून गाडी चालवत आलेले. मुलगा मैदानात गेला की एका हातात फोन, दुसऱ्या हाताने खुणा, आणि तोंडाने "टाच खाली! टाच खाली! वर बघ!" चालू. मुलगा प्रत्येक कोपऱ्यावर वडिलांकडे बघायचा. घोड्यावर बसलेला माणूस जिकडे बघतो तिकडे त्याचे खांदे वळतात, आणि खांदे वळतात तिकडे घोडा वळतो. त्यामुळे त्यांचा घोडा दर वळणावर कठड्याकडे ओढ घ्यायचा आणि गुण जायचे. शिवाय स्वार मैदानात असताना बाहेरून सूचना देणं अनेक स्पर्धांत नियमबाह्यही असतं.

उस्तादांनी त्यांना काही समजावलं नाही. पुढच्या स्पर्धेला त्यांच्या हातात बादली दिली. म्हणाले, साहेब, घोडा बाहेर आला की त्याला पाणी लागेल, नळ मागच्या बाजूला आहे, सईस आज एकटाच आहे. ते वडील बादली भरून फाटकापाशी उभे राहिले, पाणी सांडू नये म्हणून हलले नाहीत. मुलगा छान बसला त्या दिवशी. घाबरलेल्या मोठ्या माणसालाही काम लागतं हे मी त्या दिवशी पाहिलं. तेव्हापासून आमच्याकडे येणाऱ्या प्रत्येक पालकाला काही ना काही काम देतो. बूट पुसायचा फडका, हेल्मेटांची मोजणी, स्वारांच्या क्रमाची यादी. यादीवाल्या आईंना तर इतका हुरूप आला की पुढच्या वेळी त्या रंगीत पेनं घेऊन आल्या.

इथे एक गोष्ट मात्र अगदी स्पष्ट लिहायला हवी, नाहीतर लेखाचा उलटा अर्थ निघेल. प्रत्येक भीती शांत करायची नसते. काही भीती ऐकायची असते. नववीतल्या एका मुलाने ऐन सकाळी सांगितलं, "मी आज या घोड्यावर बसणार नाही." हा मुलगा पडला तरी हसणारा. बरोबरची मुलं त्याला चिडवायला लागली. उस्तादांनी त्याला एकच विचारलं, "क्यों?" तो म्हणाला, तंग आवळताना घोडा रोज कान मागे पाडत नाही, आज पाडतोय आणि वळून चावायला बघतोय. उस्तादांनी खोगीर उतरवलं, तर पोटाखाली तंगाच्या जागी कातडी सोलवटलेली होती. घोडा त्या दिवशी खेळला नाही, मुलगाही नाही. परतीच्या बसमध्ये त्याच्याकडे पदक नव्हतं, पण उस्तादांनी त्याला स्वतःच्या शेजारी पुढच्या सीटवर बसवलं होतं. आमच्या मुलांना त्या सीटची किंमत माहीत आहे.

म्हणून मी आता मुलांना 'घाबरलास का?' असं विचारत नाही. 'कशाला घाबरलास?' असं विचारते. "लोक बघतील, मी विसरेन, पहिला नंबर गेला तर" अशी उत्तरं आली तर श्वास, पाढे, मार्ग. "घोडा वेगळा वागतोय, रिकीब लांब झालीय, माझं डोकं दुखतंय" असं आलं तर आधी तपासणी. दोन्हींना एकच औषध देऊन चालत नाही.

पडण्याबद्दलही असंच. 'घोड्यावरून पडलास तर लगेच पुन्हा बस, नाहीतर भीती कायमची बसते' असं आपण सर्रास म्हणतो. त्यात तथ्य आहे, पण अर्धं. मूल मातीत बसकण मारून पडलं, हसत उठलं, तर चालवत का होईना एक फेरी मारून घेणं चांगलंच. पण डोक्याला मार लागला असेल, गरगरत असेल, मळमळत असेल, आठवत नसेल, तर त्या दिवशी पुन्हा घोड्यावर बसवायचं नाही, डॉक्टरांकडे न्यायचं. आणि ते हेल्मेट पुन्हा वापरायचं नाही, वरून कितीही धड दिसलं तरी. एकदा आपटलेलं हेल्मेट दुसऱ्यांदा तसं वाचवेलच असं नसतं. नवीन हेल्मेट महाग पडतं हे मान्य, तरीही.

अमेरिकेतल्या हार्वर्डमधल्या ॲलिसन वुड ब्रुक्स यांचा २०१४ चा एक अभ्यास शिक्षकांमध्ये बराच फिरतो. भाषण, गाणं किंवा गणित यांच्या आधी 'मी शांत आहे' असं स्वतःला बजावणाऱ्यांपेक्षा 'मी उत्सुक आहे, मला मजा येतेय' असं म्हणणाऱ्यांची कामगिरी सरस झाली, असं त्यात दिसलं. धडधड तीच, तिचं नाव बदलायचं. मी वक्तृत्वाच्या मुलांना हे सांगते आणि त्याचा उपयोग होतो. घोड्यावर मात्र एकट्या शब्दांवर मी भरवसा ठेवत नाही. घोड्याला 'मजा येतेय' हे मराठीतून कळत नाही, त्याला आवळलेले गुडघेच कळतात. म्हणून तिथे आधी श्वास आणि मग, वेळ उरला तर, शब्द.

त्या सातवीतल्या मुलीचं काय झालं, हे तुम्ही विचारणारच. पहिले पाच अडथळे ती आणि तुफान अगदी ओळीत गेले. सहा नंतरचं ते वळण नीट घेतलं, पण सातव्यापाशी बाहेर कुणीतरी खुर्ची ओढली आणि तुफान अडला. चार दोष. तिचे खांदे वर गेलेले मला इथून दिसले. मग तिने जे केलं ते शिकवलेलं होतं, पण करायचं तिला एकटीला होतं. घाई न करता तिने मोठा गोल घेतला, डावा हात आयाळीपाशी नेला, तिचे ओठ हलताना दिसले. श्वास की पाढा ते कळलं नाही. दुसऱ्यांदा तुफान सातवा अडथळा पार करून गेला आणि उरलेलेही गेले. वेळ जास्त लागल्याचे दोष वेगळे पडले. क्रमांक आला नाही. गुणफलकावर तिचं नाव बरंच खाली होतं.

बाहेर आल्यावर आमच्याकडे एक नियम आहे. निकाल नंतर, आधी घोडा. तंग दोन भोकं सैल करायचा, रिकिबी वर सरकवायच्या आणि घोड्याचा श्वास जागेवर येईपर्यंत त्याला हाताने धरून चालवायचं. विश्रांतीत घोड्याच्या छातीचे ठोके मिनिटाला साधारण ३० ते ४० असतात. मुलांना जबड्याखालच्या नसेवर बोट ठेवून मोजायला शिकवलेलं आहे. मग पाणी, मग खरारा. यात अर्धा-पाऊण तास जातो. तेवढ्या वेळात मुलांचे स्वतःचे ठोकेही खाली येतात, आणि तोवर पालकांनी जवळ जायचं नाही, बादली देऊन बाजूला व्हायचं. तिची आई त्या दिवशी वीस मिनिटं झाडाखाली थांबली. मला दोनदा विचारून गेली, जाऊ का आता? मी म्हटलं, ठोके मोजून होऊ देत.

मुलगी तुफानच्या जबड्याखाली बोट धरून घड्याळाकडे बघत होती. मोजून झालं तेव्हा तिने आईला हाक मारली आणि आकडा सांगितला, बावन्न. अजून दोन फेऱ्या मारायला हव्यात म्हणाली आणि त्याला घेऊन पुन्हा चालायला लागली.